व्हायरसवर काय मारू?

रावेर-यावल पट्ट्यात झड लागली, चार दिवस ऊन दिसलं नाही, की कृषी केंद्राच्या काउंटरवर एक प्रश्न हमखास ऐकू येतो : “केळीवर व्हायरस आलाय, काय मारू भो?” विचारणाऱ्याच्या मोबाइलमध्ये फोटो असतो. पानांवर शिरांच्या दिशेने गेलेले पिवळे पट्टे, अर्धवट उलगडून सडलेला पोंगा, शेजारच्या झाडांच्या मानाने खुरटलेलं रोप. दुकानदार काहीतरी काढून देतोच. एखादं कीटकनाशक, जोडीला सूक्ष्म अन्नद्रव्यांची बाटली, आणि कधी कधी स्ट्रेप्टोमायसिन या प्रतिजैविकाची छोटी पुडी. बिल होतं, फवारा होतो आणि पंधरवड्यात आणखी झाडं पिवळी पडतात.

त्याच दुकानात त्याच आठवड्यात दुसरा एक जण कपाशीचं पान घेऊन येतो. पानावर कोनाकोनांचे, आधी पाणचट आणि मग काळपट पडलेले ठिपके. त्याला तांबेयुक्त औषध मिळतं आणि त्याचा करपा बऱ्यापैकी आटोक्यात राहतो. मग केळीवाल्याला वाटतं, आपल्याच गळ्यात बोगस माल मारला. माल खरा असला तरी केळीवर तो चालणार नव्हता. कपाशीवर जिवाणू होता आणि केळीवर विषाणू. दोघंही डोळ्यांना दिसत नाहीत, दोघंही रोग आणतात, म्हणून आपण त्यांना एकाच पंगतीला बसवतो. मला विचाराल तर जिवाणू आणि माणूस यांच्यात जेवढं साम्य आहे, तेवढं जिवाणू आणि विषाणू यांच्यात नाही.

आधी जिवाणू घेऊ. जिवाणू म्हणजे एकच पेशी, पण ती स्वयंपूर्ण. बाहेरून भिंत, भिंतीच्या आत पातळ पडदा, त्याच्या आत स्वतःचा डीएनए, प्रथिनं बनवणारे रायबोसोम आणि अन्न फोडून ऊर्जा काढणारी एन्झाइम्स. आपल्या आतड्यात राहणारा ई. कोलाय साधारण 2 मायक्रोमीटर लांब असतो, म्हणजे एका मिलिमीटरच्या रेघेवर असे 500 जण एकामागे एक उभे राहतील. खाणं मिळालं की तो वाढतो आणि मधोमध चिमटून एकाचे दोन होतात. परिस्थिती उत्तम असेल तर हे 20 मिनिटांत होतं. रात्री झोपताना एक असेल तर आठ तासांनी 1 कोटी 67 लाख. प्रत्यक्षात खाणं संपतं, स्वतःचीच घाण साचते आणि वाढ थांबते. नाहीतर दोन दिवसांत पृथ्वी पुरली नसती.

ही वाढ खान्देशातल्या प्रत्येक घरानं पाहिलेली आहे, फक्त तिच्याकडे त्या नजरेनं पाहिलेलं नसतं. उन्हाळा लागला की कुरडयांसाठी गहू भिजत घालतात, बिबड्यांसाठी ज्वारी. तिसऱ्या दिवशी त्या पाण्याला जो आंबूस वास येतो तो लॅक्टिक आम्ल बनवणाऱ्या जिवाणूंचा. धान्यातली साखर खाऊन ते आम्ल सोडतात आणि त्या आम्लात इतर बऱ्याच जिवाणूंना राहणं अवघड होतं. रोज पाणी बदललं नाही तर कुजवणारे वरचढ होतात आणि घमेलं गावाबाहेर नेऊन ओतावं लागतं.

कपाशीवरचा करपा आणणारा जिवाणू झॅन्थोमोनास कुळातला. पावसाचा थेंब रोगट पानावर आपटतो, शिंतोडे शेजारच्या पानावर उडतात आणि पानाच्या श्वास घ्यायच्या छिद्रांतून, म्हणजे पर्णरंध्रांतून, तो आत शिरतो. आत पेशींच्या मधल्या ओलसर जागेत त्याची वस्ती वाढते. वाढता वाढता शीर आडवी आली की तिथं थांबते. ठिपके गोल न होता कोनांचे का असतात, त्याचं हे कारण. पीक निघाल्यावरही तो पालापाचोळ्यात आणि बियाण्यावर तग धरतो. सरकीवरचे तंतू गंधकाम्लाने जाळून बियाणं गुळगुळीत करतात तेव्हा वर बसलेले हे जिवाणूही मरतात. आणि तांबेयुक्त औषध पानावर असेल तर तांब्याचे कण जिवाणूच्या आत घुसून त्याच्या प्रथिनांची वाट लावतात. इथं मारण्यासारखं काहीतरी आहे, हे लक्षात ठेवा. चालू यंत्रणा आहे, तिच्यात खीळ घालता येते.

कपाशीचा विषय निघालाच आहे, तर एक वळण घेऊनच जाऊ, कारण खान्देशातल्या जवळपास सगळ्या कपाशीत एका जिवाणूचं जनुक मुक्कामाला आहे. बॅसिलस थुरिन्जिएन्सिस, म्हणजेच बीटी. 1901 मध्ये जपानमध्ये इशिवाता यांना रेशमाच्या अळ्या मारणारा हा जिवाणू सापडला. 1911 मध्ये जर्मनीतल्या थुरिन्जिया भागात बर्लिनर यांना तो पिठातल्या पतंगाच्या अळीत पुन्हा भेटला आणि त्या भागाचं नाव त्याला चिकटलं. हा जिवाणू स्फटिकासारखं एक प्रथिन बनवतो. अळीच्या आतड्यातला रस अल्कधर्मी असतो, त्यात ते विरघळतं, आतड्याच्या पेशींना चिकटतं आणि त्यांना भोकं पाडतं. आपल्या जठरात आम्ल, आणि ते प्रथिन जिथं चिकटतं त्या जागा आपल्या आतड्यात नाहीत, म्हणून आपल्याला त्याचं काही होत नाही. हे प्रथिन बनवण्याचा मजकूर कपाशीच्या डीएनएत घातला गेला आणि 2002 मध्ये भारतात त्या वाणांना परवानगी मिळाली. 2006 मध्ये दोन प्रथिनांचे वाण आले. गुलाबी बोंडअळीनं पुढे दोन्ही पचवायला शिकून घेतलं. लाखो एकरांत वर्षानुवर्षं एकच प्रथिन खायला घातलं तर त्यातून वाचणारी एखादी अळी निघणार आणि पुढची पिढी तिचीच असणार. सगळी पिढी अशा सरावलेल्या अळ्यांचीच होऊ नये म्हणून शेताच्या कडेला बिगर-बीटीच्या ओळी लावायला सांगितलं होतं, ते किती जणांनी केलं हे ज्याचं त्यानं आठवावं.

तर जिवाणूला खाणं, पाणी आणि ऊब मिळाली की तो एकटा जगतो. त्याचा अभ्यास करणं त्यामुळेच शक्य झालं. जळगावच्या कवयित्री बहिणाबाई चौधरी उत्तर महाराष्ट्र विद्यापीठात असो की धुळ्याच्या एखाद्या कॉलेजात, सूक्ष्मजीवशास्त्र घेतलेल्या मुलांचे सुरुवातीचे महिने जातात ते काचेच्या बशा ओतण्यात. बशीत अगर नावाच्या पदार्थाची जेली असते, तिच्यात जिवाणूंचं खाणं मिसळलेलं असतं. एका जिवाणूपासून वाढलेली वस्ती दुसऱ्या दिवशी टिकलीएवढी दिसते. रॉबर्ट कॉख यांच्या प्रयोगशाळेत आधी यासाठी जिलेटिन वापरत. ते जर्मनीच्या उन्हाळ्यातही वितळायचं आणि काही जिवाणू ते खाऊनच टाकायचे. फॅनी हेस यांनी 1881 च्या सुमारास अगर सुचवलं. त्या स्वयंपाकात ते वापरत होत्या. अगर वितळायला 85 अंशांच्या आसपास तापमान लागतं. जिलेटिनवर काम करायचं म्हटलं असतं तर भुसावळात फेब्रुवारीनंतर सूक्ष्मजीवशास्त्राचा विभाग बंदच ठेवावा लागला असता.

बशीवर वाढवायचं, शुद्ध वस्ती वेगळी काढायची, ती निरोगी जनावरात घालून तोच रोग होतो का पाहायचं. या पद्धतीनं कॉख यांनी 1882 मध्ये क्षयाचा जिवाणू दाखवला आणि पुढच्या काही वर्षांत एकामागून एक रोगांचे जिवाणू हाती लागले. प्रत्येक साथीच्या रोगाचा जिवाणू असाच सापडणार, असं वाटायला लागलं होतं. मग तंबाखूच्या पानानं घोळ घातला.

तंबाखूच्या पानांवर हिरव्या-पिवळ्या रंगाची चट्टेरी नक्षी पडायची. रोगट पानाचा रस निरोगी पानावर चोळला की तिथंही तेच. 1892 मध्ये रशियात इवानोव्स्की यांनी तो रस अशा गाळणीतून गाळला की तिच्यातून जिवाणू पार होऊ शकत नव्हता. गाळलेला स्वच्छ रस तितकाच रोगट निघाला. 1898 मध्ये हॉलंडच्या बायेरिंक यांनी रसातला तो रोग आणणारा घटक कितीतरी प्रकारच्या खाण्यावर वाढवून पाहिला. वाढला नाही. जिवंत पानात मात्र भरभर वाढला. 1935 मध्ये अमेरिकेत स्टॅन्ली यांनी कहरच केला. त्यांनी त्या रसातून मिठासारखे स्फटिक काढले. बाटलीत ठेवले तर नुसती पूड. पाण्यात कालवून पानावर चोळली की रोग चालू. त्यांना नोबेल मिळालं ते रसायनशास्त्राचं, हे मला फार नेमकं वाटतं. म्हणजे माणसाला सापडलेला पहिला विषाणू झाडावरचा, आणि तोही आपल्या केळीवरच्यासारखाच पानं पिवळी-हिरवी करणारा.

विषाणू म्हणजे नक्की काय, यासाठी छापखाना डोळ्यांपुढे आणा. लग्नसराईत अमळनेरच्या एखाद्या छापखान्यात यंत्र दिवसरात्र पत्रिका काढतंय. यंत्र छापखान्याचं, शाई-कागद छापखान्याचा, वीज छापखान्याची, कामगारही त्याचेच. कोणीतरी गर्दीत एक वेगळाच मजकूर यंत्रावर चढवला. यंत्र विचारत नाही की मजकूर कोणाचा, ते छापत सुटतं. आणि त्या मजकुरात लिहिलंय एवढंच, की माझ्या प्रती काढा, प्रत्येक प्रत पाकिटात घाला आणि बाहेर सोडा. विषाणू म्हणजे तो मजकूर आणि ते पाकीट. त्याच्याकडे यंत्र नाही, शाई नाही, वीज नाही. पेशीच्या बाहेर असताना तो खात नाही, श्वास घेत नाही, वाढत नाही. तो जिवंत म्हणायचा की नाही यावर शास्त्रज्ञ अजून वाद घालतात. शेतकऱ्याला त्या वादाचा काही उपयोग नाही, पण वाद का होतो ते कळलं की औषधाचा प्रश्न अर्धा सुटतो.

केळीवरच्या विषाणूचं नाव कुकुंबर मोझॅक व्हायरस, आपल्याकडच्या बोलण्यात सीएमव्ही, काही जण या रोगाला हरण्याही म्हणतात. काकडीवर आधी ओळखला गेला म्हणून हे नाव. त्याचा गोळा 29 नॅनोमीटरचा. ई. कोलाय एका मिलिमीटरमध्ये 500 बसतात, हे सुमारे 34 हजार. साध्या सूक्ष्मदर्शकाखाली तो दिसतच नाही, इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक लागतो. त्याचं पाकीट एकाच प्रथिनाच्या 180 प्रती जोडून बनतं. आतला मजकूर आरएनएचा, तीन मुख्य तुकड्यांत, आणि गंमत म्हणजे हे तुकडे वेगवेगळ्या पाकिटांतून प्रवास करतात. तिन्ही एकाच पेशीत पोहोचले तरच काम पुढे जातं. तिन्ही मिळून साधारण 8,600 अक्षरं. ई. कोलायचा मजकूर 46 लाखांच्या आसपास आणि माणसाचा 300 कोटींच्या वर. एवढ्याशा मजकुरात सीएमव्ही पाच प्रथिनांची माहिती घेऊन फिरतो. दोन प्रथिनं प्रती काढायच्या कामाची, एक पेशीपेशींमधली दारं रुंद करून शेजारी घुसण्याची, एक पाकिटाची, आणि पाचवं प्रथिन चोरावर मोर. त्याच्याकडे पुढे येतो.

आता पुडीचा हिशोब. स्ट्रेप्टोमायसिन 1943 मध्ये मातीतल्या एका जिवाणूपासून मिळालं. ते जिवाणूच्या रायबोसोमला, म्हणजे त्याच्या छपाईयंत्राला, चिकटतं आणि छपाई बिघडवतं. जिवाणूचं यंत्र आणि झाडाचं किंवा माणसाचं यंत्र वेगवेगळ्या बनावटीचं असतं. औषध एकाच बनावटीत अडकतं, म्हणून जिवाणू मरतो आणि रोगी वाचतो. पेनिसिलिनचं तत्त्वही तेच, फक्त ते जिवाणूची भिंत बांधण्याचं काम थांबवतं. आपल्या पेशींना ती भिंत नाहीच. प्रतिजैविकांची सगळी करामत या फरकावर उभी आहे.

विषाणूच्या बाबतीत हा फरकच उरत नाही. सीएमव्हीचा मजकूर छापला जातो तो केळीच्याच यंत्रावर. स्ट्रेप्टोमायसिनला अडकायला जिवाणूचं यंत्र नाही, पेनिसिलिनला पाडायला भिंत नाही. विषाणूची छपाई थांबवायला केळीचंच यंत्र बंद करावं लागेल, आणि मग घड कुठून येणार? पुडीचं प्रमाण वाढवून पाहणारे भेटतात, त्यांच्या बागेत कधी कधी पानं उलट पांढुरकी पडतात. त्यालाही कारण आहे. झाडाला हिरवं ठेवणारं हरितलवक हे फार जुन्या काळी पेशीत येऊन राहिलेल्या एका जिवाणूचं वंशज आहे, आणि त्याचं छपाईयंत्र अजूनही जिवाणूच्या बनावटीचं आहे. औषध विषाणूला सोडून नेमकं तिथं जाऊन अडकतं. वर आणखी एक तोटा असा की शेतात फवारलेल्या प्रतिजैविकातून मातीतले आणि पानावरचे जे जिवाणू वाचतात ते त्याला सरावलेले असतात. आणि जिवाणूंना ही सवय फक्त मुलाबाळांनाच द्यावी लागते असं नाही. डीएनएची छोटी वर्तुळं ते शेजाऱ्यालाही देतात, भलत्याच जातीच्या शेजाऱ्यालासुद्धा.

विषाणूवर औषधंच नाहीत असं मात्र नाही. फ्लूवर ऑसेल्टामिविर आहे, नागिणीवर असायक्लोविर आहे, हेपॅटायटिस सी तर आता गोळ्यांनी बरा होतो. ही औषधं विषाणूचं स्वतःचं असं जे एखादं अवजार असतं, प्रती काढणारं एन्झाइम किंवा पेशीतून सुटायची कात्री, तेवढ्यावरच नेम धरतात. प्रत्येक विषाणूचं अवजार वेगळं, म्हणून औषध वेगळं. एकरी हजार-दीड हजार झाडांना परवडेल असं काही केळीसाठी बाजारात नाही. बाटलीवर काहीही छापलेलं असो.

मग कीटकनाशक तरी? सीएमव्ही पसरवतो मावा. केळीत तो आणणाऱ्यांमध्ये कपाशीवरचा मावाही आहे, म्हणजे शेजारच्या शेतातला ओळखीचाच पाहुणा. तो केळीवर घर करायला येत नाही. उडता उडता बसतो, सोंड टोचून चव घेतो, आवडलं नाही की पुढच्या झाडावर. रोगट झाडावर काही सेकंद ते मिनिटभर सोंड टोचली तरी विषाणू सोंडेच्या टोकाला चिकटतो आणि पुढच्या एक-दोन टोचण्यांत उतरतो. फवाऱ्याने मावा मरायला जो वेळ लागतो त्याच्या कितीतरी आधी त्याचं काम झालेलं असतं. केळीवरच्याच पर्णगुच्छ (बंची टॉप) या दुसऱ्या विषाणूजन्य रोगात गोष्ट वेगळी. तो विषाणू केळीवरच राहणाऱ्या काळ्या माव्याच्या अंगात भिनतो, त्याला घ्यायला-द्यायला तासन् तास लागतात आणि मावा मरेपर्यंत तो वाहत राहतो. तिथं मावा मारण्याला अर्थ आहे. सीएमव्हीत खरा उपयोग होतो तो विषाणूचे इतर थारे काढण्याचा. हा विषाणू हजारावर जातींच्या झाडांत राहू शकतो. बागेत आंतरपीक म्हणून लावलेली काकडी, भोपळा, मिरची, चवळी आणि बांधावरचा केना हे त्याचे आवडते थारे. केना उपटायला कोणतीही कंपनी जाहिरात करत नाही, म्हणून तो राहून जातो.

आणि रोगट झाड दिसलं की मुळासकट काढायचं. हे ऐकताना जीव तुटतो, विशेषतः टिश्यूचं महागडं रोप असेल तर. पण छपाई चालू असलेला छापखाना उभा ठेवून मजकूर परत मागता येत नाही. पहिल्या दोन-तीन महिन्यांत दर आठवड्याला बागेत फिरून पिवळे पट्टे दिसताच रोप काढून पुरलं आणि नांग्या भरल्या, तर बाग वाचते. पाचव्या महिन्यापर्यंत वाट पाहिली तर एका झाडावरून मावा किती झाडं फिरला त्याचा हिशोब लागत नाही.

झाड स्वतः गप्प बसतं असं समजू नका. जनावरासारखी प्रतिपिंडं झाडात नसतात, म्हणून झाडाला आपल्यासारखी लस टोचता येत नाही. पण झाडाच्या पेशीला परक्या आरएनएची खूण पटते. ती त्याचे बारीक तुकडे करते आणि त्या तुकड्यांशी जुळणारा सगळा मजकूर शोधून कातरते. सीएमव्हीचं पाचवं प्रथिन, टू-बी, नेमकं हे कातरकाम बंद पाडतं. 1998 मध्ये ते उघडकीला आलं. पपईवरच्या रिंगस्पॉट विषाणूबाबत मात्र याच कातरकामाचा फायदा घेता आला. विषाणूच्या पाकिटाचं जनुक पपईतच घालून झाडाला आधीच ओळख करून दिलेले वाण हवाई बेटांवर 1998 पासून लागवडीत आहेत. शहाद्याच्या पपईवाल्यांना हा विषाणू चांगलाच परिचयाचा आहे, ते वाण मात्र भारतात नाहीत.

टिश्यू कल्चरविषयी एक गैरसमज जळगाव जिल्ह्यात इतका पक्का आहे की दोन वाक्यं लिहावीच लागतात. झाडाच्या अगदी शेंड्याच्या वाढत्या टोकापर्यंत रसवाहिन्या पोहोचलेल्या नसतात, म्हणून विषाणूही बहुतेकदा तिथं पोहोचत नाही. तो कणभर शेंडा घेऊन, प्रयोगशाळेत विषाणूची तपासणी करून रोपं वाढवली की ती कंदापेक्षा कितीतरी स्वच्छ असतात. पण स्वच्छ म्हणजे रोगप्रतिकारक नव्हे. ग्रँड नैन या वाणाचं ते रोप शेतात लागलं की माव्यासाठी ते दुसऱ्या कुठल्याही केळीसारखंच आहे.

गोठ्यात हाच फरक वेगळ्या रूपात दिसतो. 2022 च्या ऑगस्टमध्ये राज्यात लम्पीची जी मोठी साथ आली तिची सुरुवात जळगाव जिल्ह्यात रावेर तालुक्यातून झाली. लम्पीचा विषाणू देवीच्या घराण्यातला, विषाणूंमध्ये धिप्पाड. सुमारे 300 नॅनोमीटर, दीड लाख अक्षरांचा डीएनए, बरंचसं सामान बरोबर घेऊन येतो. रायबोसोम मात्र त्याच्याकडेही नाही. तेव्हा अनेकांनी विचारलं होतं, की विषाणूवर प्रतिजैविक चालत नाही म्हणता, मग डॉक्टर गाईला ते का टोचतात? लम्पीसाठी टोचत नाहीत. गाठी फुटून जखमा झाल्या, ताप आणि उपासमारीने जनावर खंगलं, की जिवाणू संधी साधतात. जखमेत, फुप्फुसात शिरतात. ते प्रतिजैविक त्यांच्यासाठी. शेतातल्या पुडीत आणि या इंजेक्शनात हाच फरक.

लम्पीवर खरा बांध घातला तो लसीनं, आणि लस होती शेळ्यांच्या देवीची. दोन्ही विषाणू इतके जवळचे नातेवाईक आहेत की एकाचं पाकीट ओळखायला शिकलेलं शरीर दुसऱ्याचंही ओळखतं. 1796 मध्ये एडवर्ड जेनर यांनी गाईच्या देवीचा पू टोचून माणसाला देवीपासून वाचवलं, त्याच सूत्रावर. लस विषाणूला मारत नाही, ती शरीराला ओळखपरेड करून देते, आणि प्रतिकारशक्ती तयार व्हायला दोन-तीन आठवडे जातात. गाठी दिसल्यावर लस शोधत फिरणाऱ्यांचा वेळ तिथंच संपलेला असतो. शिवाय विषाणू आणणारे डास, चावऱ्या माश्या आणि गोचीड गोठ्यातच असतात.

पक्ष्यांच्या बाबतीत आणखी कठोर व्हावं लागलं. 18 फेब्रुवारी 2006 रोजी भारतातला पहिला बर्ड फ्लू जाहीर झाला तो नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापुरात. एच5एन1. लाखो कोंबड्या मारून पुरल्या, त्यात निरोगी दिसणाऱ्याही होत्या, आणि 2021 मध्ये नवापूरवर पुन्हा तीच वेळ आली. निरोगी कोंबडी का मारायची हा प्रश्न भावनेचा वाटतो, पण उत्तर केळीच्या बागेतलंच आहे. या विषाणूला जिवंत पेशी मिळाली नाही तर त्याच्या नव्या प्रती निघत नाहीत. फ्लूच्या मजकुराचे आठ तुकडे असतात. दोन वेगळे फ्लू एकाच पेशीत भेटले तर तुकड्यांची अदलाबदल होऊन तिसराच तयार होतो, आणि प्रती काढणारं त्याचं एन्झाइम चुका तपासत नाही, त्यामुळे मजकूर सतत बदलतो. लम्पीचा डीएनए त्या मानाने स्थिर, म्हणून शेळीच्या देवीची जुनी लस चालून जाते. फ्लूची लस दरवर्षी नवी करावी लागते. फ्लूच्या पाकिटाला बाहेरून चरबीचं वेष्टन असतं, साबणानं ते फाटतं आणि नीट शिजवलेल्या कोंबडीत तो टिकत नाही.

जिवाणूंनाही विषाणू होतात. तापी-गिरणेच्या पाण्यात, मातीत, शेणात असे विषाणू खच्चून भरलेले असतात, त्यांना फाज म्हणतात. 1896 मध्ये हॅन्किन यांनी गंगा-यमुनेच्या पाण्यात पटकीचे जिवाणू मरतात आणि पाणी उकळलं की तो गुण जातो असं नोंदवलं. 1917 मध्ये फेलिक्स द'हेरेल यांनी असा जिवाणू मारणारा घटक ओळखून त्याला नाव दिलं. प्रतिजैविकांना न जुमानणाऱ्या जिवाणूंवर आता फाज वापरून पाहतात, पण एक फाज बहुधा एकाच जातीच्या जिवाणूवर चालतो. कोणता चालेल ते दर वेळी बशीवर तपासावं लागतं.

या फाजांपासून वाचायला जिवाणूंनी स्वतःची नोंदवही ठेवली आहे. पूर्वी आलेल्या फाजाच्या मजकुराचे तुकडे ते आपल्या डीएनएत जपतात आणि तोच मजकूर पुन्हा दिसला की कापतात. या पद्धतीला क्रिस्पर म्हणतात. ती हवा तो डीएनए कापायला वापरता येईल हे 2012 मध्ये दाखवल्याबद्दल शार्पेंतिए आणि डाउडना यांना 2020 चं नोबेल मिळालं. तेही रसायनशास्त्राचंच. 2019 मध्ये केनियातल्या संशोधकांनी ही कात्री केळीवर चालवली. काही केळींच्या स्वतःच्या डीएनएत स्ट्रीक नावाच्या विषाणूचा मजकूर दडलेला असतो आणि झाडावर ताण आला की तो जागा होतो. त्यांनी तो तिथल्या तिथे निकामी केला. हा मजकूर बल्बिसियाना या रानकेळीकडून आलेल्या जनुकसंचात असतो. जळगावची ग्रँड नैन पूर्णपणे अ‍ॅक्युमिनाटा या दुसऱ्या जातीपासून झालेली आहे, त्यामुळे तिला हा घरातला चोर नाही.